मोऱ्या मोजत कान्हेरीपर्यंत

(पडदा काळा. फक्त सायकलच्या चेनचा आवाज. मग उजेड.)

पावसाळा सरत आलाय. २०२४चा सप्टेंबर, रविवारची सकाळ. बोरिवली पूर्वेला, महामार्गाला लागूनच, संजय गांधी राष्ट्रीय उद्यानाचं फाटक उघडलंय. चालायला येणारे, पळायला येणारे आणि नुसतेच बाकावर बसायला येणारे आत शिरतायत. आपण सायकलींच्या रांगेपाशी थांबू.

एवढं लांबलचक नाव रिक्षावाल्याला कुणी सांगत नाही. ‘नॅशनल पार्क’ म्हटलं की भागतं. सुमारे १०४ चौरस किलोमीटरचं जंगल आहे हे. अर्धं मुंबईत, अर्धं ठाण्यात, आणि अंगाला चिकटलेलं शहर.

बिबटे इथे आहेत. अलीकडच्या गणनांमध्ये त्यांचा आकडा पन्नासच्या आसपास आलाय. पण या फिल्ममध्ये बिबट्या नाही. आधीच सांगितलेलं बरं, नाहीतर शेवटपर्यंत झुडपांकडेच बघत बसाल.

(वाटाड्याचे हात. सायकलचं पुढचं चाक.)

आमचा वाटाड्या उद्यानातल्याच एका पाड्यावरचा. प्रत्येक सायकलचं पुढचं चाक तो उचलतो, हाताने गरकन फिरवतो आणि ब्रेक दाबतो. चाक जागच्या जागी थांबलं तरच ती सायकल पुढे. मग सीट. पेडल खालच्या टोकाला नेऊन त्यावर टाच ठेवायची. पाय सरळ झाला तर उंची बरोबर, गुडघा वाकला तर सीट वर घ्यायची. ‘ताई, तुमची दोन बोटं वर घेऊ?’ ताई म्हणतात, पाय जमिनीला टेकले नाहीत तर मी पडेन. सगळेच हे म्हणतात. सीट वर जातेच.

सूचना मोजक्या आहेत. एकामागे एक चालवायचं. खाऊ पिशवीत बंद ठेवायचा, कारण माकडं फक्त पिशव्याच ओळखतात, माणसं नाही. उतारावर एकटा पुढचा ब्रेक दाबायचा नाही. आणि शेवटची सूचना, जी ऐकून सगळे एकमेकांकडे बघतात: ‘वाटेत मोऱ्या मोजा.’

गटातली सर्वांत लहान मुलगी सातवीतली. ती विचारते, ‘मोरी म्हणजे बाथरूम ना?’

तिचं चुकलेलं नाही. मुंबईच्या खोल्यांमध्ये वाढलेल्या पिढ्यांसाठी मोरी म्हणजे कोपऱ्यातली ती चार फुटांची जागा. वाटाड्या तिला रस्त्याच्या कडेला नेतो आणि खाली वाकायला सांगतो. डांबराच्या खालून एक ओहोळ एका बाजूने शिरून दुसऱ्या बाजूने बाहेर पडतोय. ही पहिली.

(सायकली निघतात. कॅमेरा हँडलवर.)

वनराणी या छोट्या आगगाडीचे रूळ, होड्यांचं तळं, गांधी टेकडी, सफारीला निघालेल्या गाड्या. सहलीला आलेलं मूल इथेच रमतं आणि बहुतेकांचं नॅशनल पार्क इथेच संपतं. आम्ही पायडल मारत पुढे जातो. कान्हेरीची लेणी अजून सहा-सात किलोमीटरवर आहेत.

हे पाणी बघा. गुडघाभर, तळातले गोटे मोजता येतील इतकं नितळ. ही दहिसर नदी. तुळशी तलावाच्या बाजूने उतरते, उद्यानातून वाहते आणि फाटकाच्या पलीकडे, वस्तीत गेली की लोक तिला नाला म्हणायला लागतात. नदी तीच आहे. पोयसरही याच डोंगरात उगम पावते. आणि डोंगराच्या दुसऱ्या अंगाला मिठी. तिची सुरुवात विहार आणि पवईच्या सांडव्यावरून. २६ जुलै २००५ला सांताक्रूझला चोवीस तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस झाला आणि मिठी घराघरांत शिरली. ज्यांनी ते पाहिलंय त्यांना आणखी काही सांगायला नको.

इथून चढ लागतो. चारचाकीत बसून याल तर चढ आहे हेच कळणार नाही. सायकलवर मांड्या सांगतात. रस्ता वळतो तिथे डोंगराची एक घळ खाली उतरलेली असते, आणि घळ असली की मोरी असतेच. मुलगी मोठ्याने मोजतेय. बँकेतून निवृत्त झालेले काका मनात मोजतायत, पण त्यांचे ओठ हलतायत.

(चढावर थांबलेली सायकल. जवळून.)

काकांची चेन उतरली. चढ सुरू व्हायच्या आधी गिअर हलका करायचा असतो. पायात पूर्ण जोर असताना खटका मारला की हे असं होतं. ‘काका, सोडा, मी बघतो.’ वाटाड्या सायकल उलटी करत नाही. मागच्या चाकाजवळचा गिअरचा दांडा एका हाताने पुढे ढकलतो, तशी चेन सैल पडते. दुसऱ्या हाताने दोन-चार कड्या पुढच्या चक्रीच्या खालच्या दात्यांवर बसवतो आणि पेडल हळूच मागे फिरवतो. एक, दोन, तीन दाते, आणि चेन आपोआप चढत जाते. अर्धा मिनिटसुद्धा नाही. काळे झालेले हात तो सागाच्या पानाला पुसतो. कोवळं पान चुरगाळलं तर बोटं लाल होतात, हे आम्हाला तेव्हाच कळलं.

झाडं आता दाट झालीत. ऐन, साग, बांबू. मधेच एखादा कांडोळ, पांढऱ्याफटक खोडाचा. रात्री चांदण्यात हे खोड बघितलेल्यांनी त्याला भुताचं झाड म्हटलं, यात नवल काही नाही.

आणि ही कारवी.

(काही क्षण निवेदन नाही. जांभळी फुलं, मधमाश्या.)

कारवी आठ वर्षांतून एकदाच फुलते. मागे २०१६ला फुलली होती, आता २०२४ला. फुलली, बी धरलं की ते झुडूप वाळतं. वाळलेल्या काठ्या फुकट जात नाहीत. पाड्यांवर वारली घरांचे कूड याच काठ्यांचे: काठ्या उभ्या बांधायच्या, वरून शेणमातीचा लेप द्यायचा. पावसाळ्यात कारवीची मुळं उतारावरची माती धरून ठेवतात आणि पाणी सावकाश खाली सोडतात. म्हणून तर मोरीतून येणारं पाणी इतकं नितळ.

पाड्यांवरची माणसं इथे उद्यानाच्याही आधीपासून आहेत. वाघोबाला ती पूजतात. त्यांच्या पाण्याचा, विजेचा, पुनर्वसनाचा विषय वेगळा आणि मोठा आहे. १९९७ला उच्च न्यायालयाचा अतिक्रमणं हटवण्याचा आदेश आला, त्यानंतर उद्यानाच्या हद्दीतल्या हजारो झोपड्या गेल्या. काही कुटुंबांना चांदिवलीला घरं मिळाली, काहींना नाही.

आता रस्त्यावरून न दिसणारी गोष्ट. एवढं जंगल शहरात उरलंच कसं?

त्याचं मोठं कारण पाणी आहे. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यावर मुंबई विहिरी आणि तळ्यांवर जगत होती. माणसं वाढली, विहिरी आटायला लागल्या. मग मिठीला बांध घालून विहार तलाव बांधायचं ठरलं. १८५६ला काम सुरू झालं, १८६०ला पूर्ण झालं, आणि मुंबईला पहिल्यांदा लांबून, नळाने पाणी आलं. विहार पुरेना म्हणून १८७९ला तुळशी. या तलावांत जे पाणी उतरतं ते ज्या डोंगरांवरून येतं, त्या पाणलोटात वस्ती नको, शेण नको, घाण नको, म्हणून ती जमीन मोकळी ठेवली गेली. राष्ट्रीय उद्यान ही कल्पना नंतरची. आधी कृष्णगिरी उपवन, मग बोरिवली राष्ट्रीय उद्यान, मग आजचं नाव. नावं बदलत गेली, हद्द वाढत गेली, पण गाभा तोच: दोन तलाव आणि त्यांना पाणी पाजणारे डोंगर. जंगलाने तलाव राखले असं आपण म्हणतो. आमच्या मते आधी तलावांनी जंगल राखलं.

आज मुंबईला सात तलाव पाणी देतात. तानसा, मोडक सागर, दोन्ही वैतरणा, भातसा हे सगळे लांब, शहराबाहेर. हद्दीतले दोनच, विहार आणि तुळशी. त्यांचा वाटा आता किरकोळ आहे. तुळशीवर कॅमेरा नेला नाही; तिथे सर्वांना जाता येत नाही.

(दगडी पायऱ्या. सायकली खाली लावलेल्या.)

कान्हेरी. सायकली पायथ्याशी. इथून पुढे पायी.

शिलालेखांत या डोंगराचं नाव कण्हसेल, म्हणजे काळा डोंगर. इसवी सनाच्या पहिल्या शतकाच्या आसपासपासून जवळजवळ हजार वर्षं इथे बौद्ध भिक्षू राहिले. लेणी शंभराहून जास्त. तिसऱ्या लेण्यातलं चैत्यगृह, म्हणजे प्रार्थनेचं दालन, कार्ल्याच्या लेण्यांच्या धर्तीवर कोरलेलं. व्हरांड्यात दोन्ही टोकांना बुद्धाच्या सुमारे सात मीटर उंच मूर्ती. गट तिथे फोटो काढतोय. काढू द्या. वाटाड्या मात्र मूर्तीकडे पाठ करून जमिनीकडे बघतोय.

इथे बोट ठेवा, तो म्हणतो.

(कातळातली पन्हळ. तिच्यात बोट.)

कातळात कोरलेली पन्हळ. बोटभर रुंद, बोटभर खोल. हिरव्या शेवाळाखालून पाणी अजून सरकतंय. ही लेण्याच्या माथ्यावरून येते, दाराच्या वरच्या कडेला वळसा घालते म्हणजे धार आत उडू नये, मग भिंतीच्या कडेने खाली उतरते आणि व्हरांड्याच्या बाजूला, जमिनीत कोरलेल्या चौकोनी तोंडाच्या टाक्यात पडते. तोंड लहान, पोट मोठं. ऊन आत शिरत नाही, पाणी उडून जात नाही.

लेण्यामागून लेणं बघत चढा. जवळपास प्रत्येकाच्या दाराशी असं टाकं आहे. भरलं की जादा पाणी पुन्हा पन्हळीला लागतं आणि खालच्या लेण्याकडे जातं. पायऱ्यांच्या कडेला पन्हळ, बसायच्या कट्ट्यामागे पन्हळ. इथला पाऊस चार महिन्यांचा. उरलेले आठ महिने या डोंगरावर एक थेंब नाही. शेकडो माणसं आठ महिने काय पिणार, हा प्रश्न छिन्नी हातात घ्यायच्या आधीच कुणीतरी सोडवलेला असला पाहिजे, कारण कातळात चूक झाली तर खोडता येत नाही. दोन डोंगरांमधल्या ओढ्यावर त्यांनी दगडी बांधही घातला होता. त्याचे अवशेष आहेत.

टाक्याला त्या काळी शब्द होता ‘पोढी’. तो इथल्या भिंतींवर ब्राह्मी लिपीत लिहिलेला आहे. कल्याणच्या सामिदत नावाच्या सोनाराने संघासह पोढी दान दिल्याचा लेख आहे, ‘देयधम’, म्हणजे धर्मदान, म्हणून. सोपारा, कल्याण, चौल ही तेव्हाची गजबजलेली बंदरं. तिथल्या पैशावर हे डोंगर कोरले गेले. कुणी लेणं दिलं, कुणी पाणी दिलं. आमच्या वाटाड्याला त्या सोनाराचं भारी कौतुक. ‘मूर्ती सगळे देतात हो, टाकी कोण देतं?’

वर नव्वदाव्या लेण्यात वेगळीच अक्षरं आहेत. पहलवी, जुन्या इराणची लिपी. इ.स. १००९ आणि १०२१ मध्ये आलेले पारशी पाहुणे आपली नावं कोरून गेले. भिंतीवर नाव लिहायची हौस किती जुनी, त्याचा हा पुरावा. बाजूची खडूची बदामं आम्ही मुद्दाम दाखवत नाही.

(माथा. चारही बाजूंना जंगल. क्षितिजावर इमारती. फक्त वारा.)

याच डोंगरांच्या पोटातून ठाणे-बोरिवली जुळा बोगदा जाणार आहे. जुलै २०२४मध्ये भूमिपूजन झालं. वरच्या झाडांना धक्का लागणार नाही, असं सांगितलं जातं. पोटातल्या पाण्याचं कुणी सांगितलं तर ऐकायला आम्ही तयार आहोत.

(उतार.)

परत येताना पायडल मारावं लागत नाही. दोन्ही ब्रेक थोडे थोडे, सोडत-धरत. सलग दाबून ठेवले की रबर तापतं आणि पकड जाते. ताईंची भीती मोडली. सीट खाली घ्या असं त्या आता म्हणत नाहीत. काका गिअर न बदलता उतरतायत, धडा पक्का झालाय. वळणावळणाला तेच ओहोळ, आता उलट्या क्रमाने.

फाटकापाशी सायकली पुन्हा रांगेत लागतात. मुलीचा मोऱ्यांचा आकडा वेगळा, काकांचा वेगळा. ती म्हणते, तुम्ही चेन उतरली तेव्हाची मोजली नाही. ते म्हणतात, तू एक दोनदा मोजलीस. दोघेही वाटाड्याकडे बघतात.

तो चाकाची हवा अंगठ्याने दाबून बघतोय. ‘जुलैत या,’ तो म्हणतो. ‘तेव्हा माझाही आकडा चुकतो.’

(महामार्ग. गाड्यांचा आवाज पुन्हा वाढतो.)