सेलमच्या खळ्यावरचा भाव
माहितीपटाचे निवेदन

[पहाट. सिमेंटचे मोठे खळे. दंताळे ओढणारे अनवाणी पाय.]

तमिळनाडू. सेलम जिल्हा, आत्तूरकडे जाणारा रस्ता. सूर्य अजून डोंगराआड आहे आणि कारखान्याच्या खळ्यावर ओला साबुदाणा पसरायला सुरुवात झाली आहे. चांगलं ऊन मिळालं तर दुपारपर्यंत हेच दाणे पायाखाली कुरकुरू लागतील. आभाळ भरून आलं तर माल पिवळट पडेल आणि भावही उतरेल.

महाराष्ट्रात एकादशीला, चतुर्थीला, श्रावणी सोमवारी, नवरात्रात जो साबुदाणा भिजत पडतो, त्यातला फार मोठा हिस्सा या जिल्ह्यातून आणि शेजारच्या नामक्कल, धर्मपुरीतून येतो. इथे त्याला जव्वरिसी म्हणतात. ज्या कंदापासून तो होतो, ती मरवळ्ळी. केरळात तिला कप्पा म्हणतात, व्यापारी टॅपिओका म्हणतात.

[शेत. दोघे जण झाड धरून उपटतात. मातीतून कंदांचा घड वर येतो.]

आठ-दहा महिने जमिनीत वाढलेला कंद आज बाहेर आला. हीच खोडं तोडून, बांधून ठेवायची. पुढची लागवड त्यांच्याच कांड्यांची.

कंद उपटला की वेळ मोजायला लागते. दोन-तीन दिवसांत तो आतून काळा पडू लागतो. आपला कांदा चाळीत घालून भावाची वाट बघता येते. मरवळ्ळीला चाळ नाही. आज जो दर असेल, त्या दराला ट्रॅक्टर कारखान्यात न्यावाच लागतो. पुढचं सगळं बघताना ही एक गोष्ट लक्षात ठेवा.

[काटा. पाण्याची टाकी. टोपलीतले कंद पाण्यात बुडतात.]

आता हे नीट बघा. कंदाचं वजन एकदा हवेत केलं, एकदा पाण्यात. दोन वजनांच्या फरकावरून कंदात स्टार्च किती, ते कळतं. त्याला इथे ‘पॉइंट’ म्हणतात आणि शेतकऱ्याचे पैसे पॉइंटवर ठरतात. समजा, पॉइंटला 300 रुपये दर आहे. कंद 28 पॉइंटचा निघाला तर टनाला 8,400 रुपये. पावसाचं पाणी पिऊन तोच कंद 25 वर आला तर 7,500. टनामागे 900 रुपये या टोपलीत कमी-जास्त होतात. टोपली वर आली की शेतकरी वाकून काट्याकडे बघतो.

[कारखाना. पांढरं पाणी वाहणाऱ्या पन्हळी.]

कंद धुतले, सोलले, किसले. चोथा वेगळा झाला. त्याला तिप्पी म्हणतात, ती गुरांना जाते. उरलं दुधासारखं पाणी. ते टाक्यांमध्ये रात्रभर निवळतं आणि तळाशी स्टार्चची घट्ट पांढरी लादी बसते. लादी फोडायची, भुगा करायचा. मग हा झोळा. ओलसर भुगा झोळ्यात हेलकावे खातो, कण कणाला चिकटतो आणि बघता बघता गोल दाणा तयार होतो. चाळणीवर लहान-मोठे वेगळे होतात. तेलाचा हात फिरवलेल्या गरम तव्यांवर दाण्याची वरची कड शिजते आणि मग पुन्हा खळं, पुन्हा ऊन. चार-पाच किलो कंद घातले तेव्हा कुठे किलोभर माल हाती आला.

[जुनी यंत्रं. गंजलेला तवा.]

हा सगळा धंदा उभा राहिला तो आयात बंद पडली म्हणून. दुसऱ्या महायुद्धाआधी साबुदाणा मलायाकडून जहाजाने यायचा. ‘सागू’ हा शब्दही मलय भाषेतला, तिथल्या ताडासारख्या झाडाच्या गाभ्याचा. युद्धात तो समुद्री रस्ता तुटला, माल मिळेनासा झाला, भाव चढले. 1943 च्या सुमारास सेलमचे व्यापारी माणिक्कम चेट्टियार यांची गाठ पोपटलाल शहा यांच्याशी पडली. शहा मलायातून आलेले, साबुदाणा कसा करतात हे त्यांना ठाऊक होतं. दोघांनी हाताने, साध्या साधनांनी सुरुवात केली. युद्ध संपलं, रस्ते मोकळे झाले, पण तोवर सेलमने काम शिकून घेतलं होतं. 1981 मध्ये कारखानदारांनी सागोसर्व्ह ही सहकारी संस्था काढली. देशभरचे व्यापारी तिथे निविदा भरून माल उचलतात.

[गोदाम. पोत्यांची थप्पी.]

आयात-निर्यातीच्या कागदांवर प्रत्येक मालाला वर्ग-क्रमांक असतो. टॅपिओका तिथे तीन जागी भेटतो. 0714 मध्ये कंद, 1108 मध्ये स्टार्च, 1903 मध्ये साबुदाणा. भाव तिन्हींचे वेगळे. साबुदाण्याचा भाव आपल्या उपासांच्या तोंडावर हलतो. परदेशात जातो तो मुख्यतः तिकडे राहणाऱ्या आपल्याच लोकांसाठी. स्टार्चची गोष्ट निराळी. तो कापड गिरण्यांना, कागदाला, डिंकाला लागतो आणि गिरणीला सेलम काय, थायलंड काय, सारखंच.

जगात सर्वांत जास्त टॅपिओका निर्यात करणारा देश थायलंड. तिथल्या स्टार्च उत्पादकांची संघटना दर आठवड्याला बँकॉक बंदरातला दर जाहीर करते, टनाला इतके डॉलर. सर्वांत मोठं गिऱ्हाईक चीन. स्टार्च मक्याचंही होतं, त्यामुळे चीनमध्ये मका स्वस्त झाला की टॅपिओकाची मागणी घटते आणि बँकॉकचा आकडा खाली येतो. 2023 मध्ये 500 डॉलरच्या वर गेलेला हा दर पुढच्या दोन वर्षांत पुष्कळ उतरला. बँकॉकच्या दरावर जहाजभाडं आणि आयातशुल्क चढवून जो आकडा येतो, त्याच्या वर सेलमच्या स्टार्चला गिरणी पैसे देत नाही.

[पानांचे वेडेवाकडे गुच्छ. पांढरी कीड, जवळून.]

2020 मध्ये केरळात ही पिठ्या ढेकणाची नवी जात सापडली आणि लवकरच सेलममध्ये पोचली. शेतं आखडली, उत्पादन घटलं, भाव चढले, पण चढलेला भाव घ्यायला अनेकांकडे कंदच नव्हते. शास्त्रज्ञांनी आफ्रिकेतल्या बेनिनहून एक इवलीशी गांधीलमाशी आणली. अॅनागायरस लोपेझी तिचं नाव. ती या किडीच्या अंगात अंडी घालते आणि कीड मरते. 2022 पासून ती इथल्या शेतांत सोडली गेली. पीक सावरलं आणि भाव पुन्हा खाली आले.

[दोन वाट्या साबुदाणा, शेजारी शेजारी.]

एका वाटीत निव्वळ मरवळ्ळीचा, दुसरीत मक्याचं स्टार्च मिसळलेला. मक्याचं स्टार्च स्वस्त. भेसळीचा माल बाजारात उतरला की खऱ्याचाही दर पडतो आणि पॉइंटचा दर त्याच्यामागे. 2023 मध्ये सेलमच्या साबुदाण्याला भौगोलिक मानांकन मिळालं. दुकानात पुडा उचलताना तो कुठला आहे, हे विचारता येतं. विचारायला हवं. भाव सलग पडला की लागवड घटते, शेतकरी दुसऱ्या पिकाकडे वळतो.

[संध्याकाळ. ट्रकवर ताडपत्री. मागे काट्याची टाकी.]

आषाढी जवळ आली आहे. हा ट्रक होसूर, बंगळूर, कोल्हापूर करत पुण्याला जाईल. तो फाटकाबाहेर पडतो तोच पुढचा ट्रॅक्टर आत येतो. टोपली पाण्यात उतरते.

सव्वीस पॉइंट.