केसांना सोसेल असं न्हाणं

श्रोतेहो, नमस्कार.

विंचरून झाल्यावर कंगव्यात गुंतलेले केस लगेच टाकून देऊ नका. त्यातले पाच-सहा उजेडात धरा आणि त्यांची टोकं बघा. एका टोकाला बारीकसा पांढुरका मणी दिसला, तर तो केस मुळापासून गळलाय. दिवसाला असे 50 ते 100 केस प्रत्येकाचेच गळतात. मणी कुठेच नाही आणि केसही आखूड, तर तो मधेच तुटलाय. गळणं वेगळं, तुटणं वेगळं. श्रावण-भाद्रपदात मोठा ताप येऊन गेला किंवा बाळंतपण झालं, तर दोन-तीन महिन्यांनी केस मुठीमुठीनं जातात. तिथं तेल बदलून काही होत नाही. शरीर सावरलं की बहुतेकदा सहा महिन्यांत ते आपोआप थांबतं. त्याहून लांबलं, टाळूवर चट्टे पडले किंवा सोबत थकवाही असला, तर डॉक्टरांना दाखवून लोह आणि थायरॉइड तपासून घ्या. आज बोलू या ते तुटणाऱ्या, राठ झालेल्या केसांबद्दल.

टाळूबाहेर आलेल्या केसात जीव नसतो. तो महिन्याला साधारण एक सेंटीमीटर वाढतो, म्हणजे कमरेपर्यंतच्या वेणीचा शेंडा पाच-सहा वर्षांचा जुना असतो. इतक्या वर्षांचं ऊन, पाणी, ओढाताण त्यानं सोसलेली असते. केसावर माशाच्या अंगावर असतात तसे सूक्ष्म खवले असतात, शेंड्याकडे तोंड करून एकावर एक बसलेले. ते मिटलेले असले की केस हाताला मऊ लागतो आणि चमकतो. उचकटले की केसाला केस अडकतो, गुंता होतो, ओढला की तुटतो. झिजलेला खवला पुन्हा येत नाही. त्यामुळे बाहेरून काही लावून जुना केस नवा करता येत नाही, आहे तो राखता येतो.

बिघडायला सुरुवात होते ती तेलाच्या बाटलीपासून. आपल्याकडे घराघरात खोबरेल, म्हणून ते कपाळावर ओघळेपर्यंत थापलं जातं. मग ते निघावं म्हणून दोन-तीनदा साबण, वर नखांनी खसाखसा घासणं. केस कोरडे पडले की पुन्हा तेल! खोबरेल गुणी आहे यात शंकाच नाही. त्यातल्या लॉरिक आम्लाचा रेणू लहान आणि सरळ असल्यामुळे तो केसाच्या आत शिरतो. खोबरेल, सूर्यफुलाचं तेल आणि खनिज तेल यांची तुलना करणारा एक अभ्यास 2003 साली प्रसिद्ध झाला. त्यात धुताना केसातून होणारी प्रथिनांची झीज फक्त खोबरेलानं कमी झाल्याचं दिसलं. पण त्याला लागतं किती? खांद्यापर्यंतच्या केसांना चहाचा एक चमचा, कमरेपर्यंतच्या केसांना दोन. तळहातांवर पसरून आधी शेंड्यांना, मग मधल्या लांबीला लावा आणि बोटांना उरेल तेवढंच टाळूला. न्हाण्याआधी दोन तास पुरतात, आदल्या रात्री लावलं तरी चालेल. थंडीत पहाटे तेल थिजलं तर बाटली कोमट पाण्यात उभी करा, गॅसवर ठेवू नका.

कोंडा असेल तर टाळूला तेल लावूच नका. कोंड्यामागची बुरशी तेलकटावरच पोसली जाते. डॉक्टरांच्या सल्ल्यानं केटोकोनॅझोलचा शाम्पू आणून तो टाळूवर तीन ते पाच मिनिटं ठेवा आणि मग धुवा. लावल्या लावल्या धुतला तर औषधाला काम करायला वेळच मिळत नाही.

आता पाण्याकडे येऊ. खाडीकाठच्या विहिरी चैत्र-वैशाखात मचूळ होतात, हे तिथल्या माणसांना सांगायला नको. तुमचं पाणी कसं आहे ते घरी पाहता येतं. झाकणाच्या बाटलीत अर्धी बाटली पाणी घ्या, अंगाच्या साबणाचा नखाएवढा कीस टाका आणि जोरात हलवा. फेस वर टिकला आणि खाली पाणी बऱ्यापैकी स्वच्छ राहिलं, तर पाणी मृदू आहे. फेस धरतच नाही आणि पांढरट साका तरंगतो, तर ते जड आहे. हाच साका साबणानं न्हाल्यावर केसांवर बसतो आणि केस चिकट, निस्तेज होतात. शिवाय टाळूचा सामू, म्हणजे आम्लपणा मोजायचा पीएच, साडेपाचच्या आसपास, तर साबणाचा नऊ-दहा. त्यानं खवले उघडतात. म्हणून अंगाचा साबण डोक्याला नको, आणि खायचा सोडा तर मुळीच नको. पाणी जड असेल तर शाम्पू वापरा. पावसाळ्यात पहिल्या काही सरींनी कौलं धुऊन निघाली की पागोळ्यांचं पाणी स्वच्छ पिंपात धरा. शेवटचे दोन तांबे त्या पाण्याचे घ्या. पावसाच्या पाण्याइतकं मृदू पाणी दुसरं नाही.

शाम्पू चहाचा एक चमचा, अर्ध्या मगभर पाण्यात कालवून. तो टाळूवर ओता आणि बोटांच्या पेरांनी चोळा, नखांनी नाही. केस डोक्यावर गोळा करून कपड्यासारखे चुबकू नका. वरून उतरणारा फेस शेंड्यांना पुरतो. कंडिशनर मात्र उलटा, टाळू सोडून शेंड्यांना, दोन-तीन मिनिटं. पाणी कोमटच हवं. न्हाणीतल्या चुलीवरच्या हंड्यातलं कढत पाणी नेहमी विसण घालून घ्या.

शिकेकाईनं न्हाणाऱ्यांनी दोन मोठे चमचे पूड दोन कप पाण्यात रात्रभर भिजवावी, सकाळी दहा मिनिटं मंद आचेवर उकळावी. नंतर गाळण्याचा कंटाळा केला जातो आणि तिथंच सगळं फसतं. पुडीचे बारीक तूस केसांत अडकतात, चोळताना खवले खरवडतात, आणि दोष मात्र शिकेकाईला मिळतो. धुवट मलमलीतून दोनदा गाळा. ती डोळ्यांत जाऊ देऊ नका. टाळू चिडत असेल तर शिकेकाईत रिठा घालू नका.

कंडिशनर विकत आणायचा नसेल तर कुंपणाला लाल जास्वंद असतेच. दहा-बारा पानं धुऊन वाटीभर पाण्यात हातानं कुस्करा. पाच मिनिटांत पाणी बुळबुळीत होऊन बोटांतून तार धरू लागतं. हा चिकट रस केसांवर पातळसा बसतो आणि कंगवा अडखळत नाही. गाळून न्हाऊन झाल्यावर लावा, पाच मिनिटांनी भरपूर पाण्यानं काढा. ताजाच करा, दुसऱ्या दिवशी त्याला वास येतो.

ओला केस ताणला जातो आणि लवकर तुटतो. म्हणून टॉवेलनं झटकणं, फटकारणं बंद करा. जुन्या पंच्यात केस गुंडाळून दाबा, पाणी टिपलं जाऊ द्या. अर्धवट सुकल्यावर रुंद दातांच्या कंगव्यानं आधी शेंड्याचा गुंता सोडवा, मग चार बोटं वर, मग मुळापासून. कुरळ्या केसांचा गुंता मात्र कंडिशनर लावलेला असतानाच सोडवावा, सुकल्यावर ते जास्त तुटतात.

पावसाळ्यात दिवसभर केस सुकत नाहीत आणि ओलेच अंबाड्यात बांधले जातात. त्यांना कुबट वास येतो, टाळू खाजते. न्हायचं ते सकाळी लवकर, पंख्याखाली केस मोकळे सोडून. ड्रायर असेल तर थंड झोतावर. शाळेत जाणाऱ्या मुलींच्या घट्ट वेण्या आणि रबरं कानशिलावरचे केस मुळातून ओढतात. तिथं केस विरळ दिसायला लागले तर त्याच दिवशी वेणी सैल करा. वर्षानुवर्षं ओढ बसत राहिली तर त्या जागी केस पुन्हा येत नाहीत.

समुद्रात उतरणार असाल तर आधी गोड्या पाण्यानं केस भिजवा. भिजलेला केस खारं पाणी कमी शोषतो. बाहेर आल्यावर मीठ वाळायच्या आत पुन्हा गोडं पाणी घ्या.

आणि फाटे फुटलेले शेंडे कुठल्याही तेलानं सांधत नाहीत, उलट फाटा वर चढत जातो. दोन-तीन महिन्यांनी अर्धा इंच कापा, पण धारदार कात्रीनं. स्वयंपाकघरातल्या बोथट कात्रीनं केस चिरडतो आणि तिथूनच नवा फाटा फुटतो.

नमस्कार.