इल्याला त्याचा दिवस सांगू नका

नमस्कार, श्रोतेहो.

आज २ ऑगस्ट. रशियातल्या शहरांत आज निळ्या टोप्यांचे दणकट गडी कारंज्यांत डुंबताना दिसतात. हे आजी-माजी छत्रीसैनिक. १९३० साली याच तारखेला त्यांच्या दलाची सुरुवात झाली, त्याचा हा जल्लोष. गंमत म्हणजे खेड्यातली आजी नेमकी आजच नातवाला दम देते : आता नदीत उतरायचं नाही, इल्याने पाण्यात बर्फ टाकलाय!

हा इल्या म्हणजे मराठी बायबलमधला एलीया संदेष्टा. मूळ हिब्रू नाव एलियाहू, अर्थ ‘याहवे माझा देव’. ग्रीकांनी त्याचं एलियास केलं, रशियनांच्या तोंडी ते इल्या झालं. त्याचा सण २० जुलैचा, पण जुन्या ज्युलियन पंचांगातला. म्हणून आपल्या कॅलेंडरात तो आज येतो.

एलीयाच्या शब्दाने पाऊस थांबला, पुन्हा आला, आणि शेवटी तो अग्निरथाबरोबर स्वर्गात गेला, असं बायबल सांगतं. स्लाव शेतकऱ्याला एवढं पुरेसं होतं. आभाळ गडगडलं की इल्याचा रथ धावतोय! आज गवताला हात लावायचा नाही, नाहीतर तो वीज पाडून गंजी जाळेल. हा सगळा कारभार पूर्वी पेरून या देवाकडे होता. काही काळ दोघेही शेजारी नांदले. ९४५ साली कीवच्या इगोरने बायझंटाइन सम्राटाशी तह केला. त्याच्या माणसांपैकी काहींनी टेकडीवर पेरूनच्या मूर्तीपुढे शपथ घेतली, ख्रिस्ती झालेल्यांनी संत इल्याच्या चर्चमध्ये. गाव एक, तह एक, साक्षीदार मात्र दोन.

दक्षिणेला मॅसिडोनियात या दिवसाला इलिंदेन म्हणतात. १९०३ साली ओटोमन सत्तेविरुद्धचा उठाव याच दिवशी झाला, आणि इतिहासात त्याला नावही सणाचंच मिळालं.

मला सगळ्यांत आवडते ती बाल्कनमधली गोष्ट. तिथे इल्याला एक बहीण आहे, अग्निमारिया. तिचा सण त्याच्या तीन दिवस आधी. इल्या तिला विचारतो, “माझा दिवस कधी गं?” ती म्हणते, “अजून यायचाय.” काही दिवसांनी तो पुन्हा विचारतो, तेव्हा सांगते, “अरे, होऊन गेला की!” कारण त्याला कळलं, तर आनंदाच्या भरात तो असा गडगडेल, की पृथ्वीवर काही उरणार नाही.