चौकातला उजेड : बन्सी चंद्रगुप्त यांचं काम

कलादिग्दर्शक म्हटलं की तुमच्या डोळ्यांपुढे आरसेमहाल येतो. झुंबरं, कारंजी, जिन्यावरून उतरणारी नायिका. त्या कामाला मी नावं ठेवत नाही, तेही घाम काढतं. पण आज ज्यांच्याविषयी बोलायचंय त्या बन्सी चंद्रगुप्तांनी बहुतेक साध्या खोल्या बांधल्या. साधी खोली फसली की झाकायला झुंबर नसतं.

जन्म १९२४चा, सियालकोटचा. वाढले काश्मिरात, व्हायचं होतं चित्रकार, आले कलकत्त्याला. १९४७ साली कलकत्ता फिल्म सोसायटी निघाली, तेव्हा दिग्दर्शक सत्यजित राय, समीक्षक चिदानंद दासगुप्ता यांच्या बरोबरीनं हेही होते. पुढे फ्रेंच दिग्दर्शक ज्याँ रन्वार ‘द रिव्हर’ हा चित्रपट करायला बंगालमध्ये आले. त्यांचे कलादिग्दर्शक यूजीन लूरी यांच्या हाताखाली चंद्रगुप्तांनी काम केलं. शाळा म्हणाल तर ती.

रायांचा ‘पथेर पांचाली’ (१९५५), ज्याचे सेट चंद्रगुप्तांचे, सगळा खऱ्या गावात झाला, असं लोक सर्रास सांगतात. दिवसाचे प्रसंग कलकत्त्याजवळच्या बोडाल गावातल्या पडक्या घरातले, पण रात्रीचे स्टुडिओतले आहेत. सांधा कुठे दिसतो का बघा. मला अजून नीट सापडलेला नाही.

खरी गंमत त्याच्या पुढच्या भागाची, ‘अपराजितो’ची (१९५६). नायक अपूचे वडील हरिहर, त्यांचं काशीतलं घर. तसल्या जुन्या घरांत मधे अंगण असतं, आपल्या वाड्यातल्या चौकासारखंच. ऊन थेट तळाशी पोचत नाही. वरच्या आभाळाचा मऊ उजेड खाली झिरपतो, त्याला धारदार सावली नसते. पावसाच्या धास्तीनं हे अंगण कलकत्त्याच्या स्टुडिओत बांधायचं ठरलं. कॅमेरामन सुब्रत मित्र अडून बसले : भिंती तुम्ही हुबेहूब कराल हो, पण हा उजेड दिव्यांनी कसा आणायचा? त्यांचं बरोबर होतं. दिवा लावला की नाकाखाली सावली आलीच. राय आणि चंद्रगुप्त मात्र सेटवर ठाम राहिले. शेवटी मित्रांनी अंगणाच्या डोक्यावर, आभाळाच्या जागी, पांढरं कापड ताणलं आणि दिवे खालून त्याच्यावर मारले. कापडावर आपटून परतलेला उजेड अंगणात उतरला. आज आपण ‘बाउन्स’ म्हणतो तो हाच. श्रेय मित्रांचंच. पण तो प्रश्न भिंतींनी उभा केला होता, आणि भिंतींचा चुना त्या मऊ उजेडात उघडा पडणार होता. सपाट रंगवलेली भिंत तिथं एका क्षणात पकडली जाते. ओल कुठून चढते, पाठ टेकून टेकून कुठे तेलकट होते, हे ज्याला माहीत नाही त्यानं असा सेट घेऊ नये.

‘जलसाघर’ला (१९५८) उलटा पेच. मुर्शिदाबाद जिल्ह्यातल्या निमतिता इथला राजवाडा सापडला, नदीकाठचा, अगदी हवा तसा. पण त्यात शोभेसा जलसाघरच (गाण्याच्या मैफलीचं दालन) नव्हता! म्हणजे बाहेरचं वैभव खरं आणि ज्या दालनावरून चित्रपटाला नाव मिळालं ते कलकत्त्यात उभारलेलं.

‘नायक’मधला (१९६६) रेल्वेचा डबाही सेटच. खऱ्या डब्यात कॅमेरा मागे घ्यायला जागा नसते, सेटची भिंत काढता येते. इथंच मोह होतो. भिंत निघतेच आहे तर डबा चार बोटं रुंद करू, असं वाटतं, आणि त्या चार बोटांत प्रवासाची दाटी निघून जाते. आमच्या धंद्यात ‘थोडं मोठं करा’ हे वाक्य रोज ऐकावं लागतं, म्हणून सांगतो.

पुढे मुंबई. हिंदी चित्रपट, त्यातले काही अगदी चालू. पोट सगळ्यांनाच असतं. फिल्मफेअर पारितोषिकं मात्र त्यांना इथंच मिळाली : ‘सीमा’, ‘दो झूठ’ आणि ‘चक्र’. ‘चक्र’ जयवंत दळवींच्या कादंबरीवरचा, मुंबईच्या झोपडपट्टीचा. कलादिग्दर्शनाचं पारितोषिक झोपडीला मिळावं, हे तेव्हाही विरळा आणि आजही. ते जाहीर झालं तेव्हा चंद्रगुप्त नव्हते. जून १९८१मध्ये अमेरिकेत त्यांचं निधन झालं होतं.

आता ‘अपराजितो’ची सुरुवात बघू. पहिल्यांदा बघताय ते गोष्ट बघा. ज्यांनी पाहिलाय त्यांनी अंगणातल्या माणसांच्या हनुवटीखाली बघा, सावली कुठे दिसते का. चर्चा त्यानंतर.