ब्लॅकवॉलची लाट

पडद्यावरचं चित्र हलतंय, कारण कॅमेरा लाँचवर, म्हणजे छोट्या बोटीवर आहे. २१ जून १८९८. लंडनच्या ब्लॅकवॉल भागात, थेम्स आयर्नवर्क्सच्या गोदीत ‘आल्बियन’ या युद्धनौकेचं जलावतरण आहे. यॉर्कच्या डचेस आल्यात, काठावर हजारोंची गर्दी लोटलीय.

लाँचवर कॅमेरा घेऊन उभा आहे रॉबर्ट पॉल. मूळ धंदा विजेची उपकरणं बनवण्याचा. एडिसनने आपल्या किनेटोस्कोपचं, म्हणजे डोकावून हलती चित्रं बघायच्या यंत्राचं पेटंट ब्रिटनमध्ये घेतलं नव्हतं, म्हणून पॉलने तशी यंत्रं बनवली. यंत्रात घालायला चित्रं हवीत, म्हणून १८९५ मध्ये फोटोग्राफर बर्ट एकर्सला सोबत घेऊन कॅमेराही घडवला. पुढच्या वर्षी डर्बीची घोड्यांची शर्यत टिपली आणि दुसऱ्याच दिवशी लंडनच्या प्रेक्षकांना दाखवली. असा झपाट्याचा माणूस. कॅमेऱ्याला बाजूला हँडल. हात मंदावला की पडद्यावरची माणसं धावायला लागतात. १८९९ मध्ये आपल्या सावेदादांनी मुंबईत हँगिंग गार्डनवरची कुस्ती टिपली, तीही अशीच हँडल फिरवत.

आता जहाज बघा. केवढं धूड आहे, आणि कसं सरसर घसरतंय! खाडी अरुंद. बाजूला फेकलेलं पाणी जाणार कुठे? लाट उठली ती शेजारी बांधून होत असलेल्या ‘शिकिशिमा’ या जपानी नौकेलगतच्या पुलावर आदळली. पूल कामगारांच्या ये-जा करण्याचा, आणि त्यावर सुमारे २०० माणसं उभी. जयघोषात किंकाळ्या कुणाला ऐकूच गेल्या नाहीत. ३० हून जास्त जीव गेले, त्यात बाया आणि मुलंच फार.

इथे चित्र तुटलं, बघितलंत? पुन्हा सुरू झालं तेव्हा जागा बदललीय. लाँच बुडणाऱ्यांकडे निघालीय. पॉल हँडल थांबवतो, पुढे जाऊन परत फिरवतो. त्या काळी फिल्म म्हणजे बहुधा एका जागेवरून घेतलेला एकच शॉट. इथे मात्र एकच घटना तुकड्या-तुकड्यांनी पुढे सरकते. मला या मिनिटभराच्या फिल्मचं मोल वाटतं ते या जोडांमुळे.

प्रेस्टविच या दुसऱ्या फिल्मवाल्यानेही हे जलावतरण टिपलं होतं. तो आणि एकर्स पॉलवर तुटून पडले: लोक बुडत असताना हा चित्रं घेत होता! आमच्या लाँचने माणसं बाहेर काढली, हे पॉलचं उत्तर. मी पॉलच्या बाजूने आहे. जहाजाची नोंद नौदलाच्या दप्तरात राहिलीच असती, या माणसांची कुठे राहिली असती?

यापुढे मी बोलणार नाही. होड्यांकडे बघा.