न्यायबंदी कोणाच्या ताब्यात?

खटला चालू असलेला कैदी, म्हणजे न्यायबंदी, कोणाच्या ताब्यात असतो असं विचारलं की बहुतेक जण म्हणतात, तुरुंग अधीक्षकाच्या. आर्थर रोडच्या गेटवर मुलाकातीसाठी रांगेत उभ्या असलेल्या बायकांना तसंच वाटतं आणि खरं सांगायचं तर बऱ्याच वकिलांनाही. कायद्याने तो कोर्टाच्या ताब्यात असतो. तुरुंगाकडे त्याला कोर्टाच्या वॉरंटवर ठेवायला दिलेलं असतं. गहाण पडलेला दागिना पेढीवाल्याने परस्पर दुसऱ्या गावच्या पेढीत ठेवला तर आपण ऐकून घेऊ का? मग कोर्टाला न विचारता माणूसच परस्पर नागपूरच्या तुरुंगात हलवला तर का ऐकून घ्यायचं?

हा मुद्दा पक्का झाला तो आपल्याच मुंबईतल्या प्रकरणात. २००६च्या लोकलमधल्या बॉम्बस्फोटांच्या खटल्यातल्या आरोपींना २००८ साली आर्थर रोडमधून राज्यातल्या इतर तुरुंगांत हलवलं गेलं. ते हायकोर्टात गेले, तिथे जिंकले, सरकार सर्वोच्च न्यायालयात गेलं आणि २०१२ साली तिथे निकाल लागला. १९०० सालच्या कैदी अधिनियमाचं कलम २९ शिक्षा झालेल्यांना हलवण्यापुरतं आहे, न्यायबंद्यांना ते लागू नाही, असं न्यायालय म्हणालं. न्यायबंद्याला हलवायचं तर खटला चालवणाऱ्या कोर्टाची परवानगी हवी. आणि ती परवानगी म्हणजे कारकुनी शिक्का नव्हे. बंद्याला नोटीस द्यायची, त्याचं म्हणणं ऐकायचं, मग ठरवायचं. ज्यांच्याविषयी शहरात कुणालाच दयामाया नव्हती, त्यांच्या अर्जावर हे ठरलं, याचं मला फार मोल वाटतं.

यात एवढं काय अडतं? बचाव उभा राहतो तो मुलाकातीत. वकील काळा घोड्याच्या सेशन्स कोर्टात आणि अशील नागपूरच्या बरॅकमध्ये, तर आरोपपत्राचं पान उघडून ‘हा साक्षीदार खोटं का बोलतोय’ हे विचारायचं कधी? व्हीसीवर, म्हणजे व्हिडिओ कॉन्फरन्सवर? तिथे चेहरा दिसेपर्यंत पुढची तारीख पडलेली असते. प्रत्यक्ष हजर करायचं म्हटलं तर कोर्टात घेऊन जाणारी पोलीस पार्टी मिळत नाही. आईला लांबच्या गाडीचं तिकीट परवडत नाही, मग मुलाकात सुटते.

शिक्षा झालेल्यांचं काय? त्यांना हलवण्याचा अधिकार सरकारला आहे, पण मोकाट नाही. तिहारमधल्या एका कैद्याने दुसऱ्या कैद्याच्या छळाबद्दल पत्र लिहिलं, त्यावर डिसेंबर १९७९मध्ये सर्वोच्च न्यायालयाचा सुनील बत्रा प्रकरणातला दुसरा निकाल आला. न्या. कृष्णा अय्यर यांनी नातलगांपासून तोडणारी दूरच्या तुरुंगातली बदली ही मारहाणीइतकीच शिक्षा ठरू शकते, असं बजावलं. अशी शिक्षेसारखी बदली सत्र न्यायाधीशांच्या नजरेखालून गेलीच पाहिजे. अगदीच तातडी असेल तर दोन दिवसांत त्यांना कळवायचं.

हवा तो तुरुंग मिळण्याचा हक्क मात्र कुणालाच नाही. २००५ साली सर्वोच्च न्यायालयानेच बिहारचा राजकारणी पप्पू यादव याला पाटण्याच्या बेऊर तुरुंगातून तिहारला पाठवलं. आणि आर्थर रोडची गर्दी काही खोटी नाही; अधिकृत क्षमतेच्या कितीतरी पट माणसं तिथे कोंबलेली असतात. असू दे, पण ते कारण कोर्टात येऊन सांगावं.

हलवणार अशी कुणकुण आतून आधीच लागते. लागली की त्याच दिवशी खटल्याच्या कोर्टात लेखी अर्ज द्या. हलवून झालं असेल तरी आधी तिथेच जा, नाही जमलं तर हायकोर्ट आहे. वकिलाला पैसे नाहीत? विधी सेवा प्राधिकरण अधिनियम १९८७च्या कलम १२प्रमाणे कोठडीतल्या कुणालाही मोफत वकील मिळतो, उत्पन्नाचा दाखला न मागता. अर्जात ‘अन्याय होत आहे’ असं मोघम लिहू नका. पुढची तारीख कोणती, कोणता साक्षीदार तपासायचा राहिलाय, जे. जे.मध्ये कोणते उपचार चालू आहेत, घरचं कोण भेटायला येतं आणि त्याचं वय काय, हे लिहा. आणि या एकेका मुद्द्यावर अधीक्षकाचा लेखी खुलासा मागा.