करारावर सही झाली, पैशाचं काय?

मंडळी, अमेरिकेच्या राष्ट्रीय अभिलेखागारात एक कागद जपून ठेवलेला आहे. तारीख 1 ऑगस्ट 1868, रक्कम 72 लाख डॉलर, आणि पैसे घेणाऱ्याच्या जागी रशियाचे वॉशिंग्टनमधले दूत स्टेकल यांचं नाव. अलास्का विकत घेतल्याचा हा चेक. काटेकोर बोलायचं तर सरकारी खजिन्याचं वॉरंट, म्हणजे पैसे देण्याचा आदेश.

यातली तारीख नीट बघा. करारावर सह्या झाल्या 30 मार्च 1867 ला, पहाटे चारच्या सुमारास. सिनेटनं दहाच दिवसांत 37 विरुद्ध 2 मतांनी तो मान्य केला. 18 ऑक्टोबरला सिट्का इथं रशियाचा झेंडा उतरला, अमेरिकेचा चढला. मुलूख ताब्यात आला, पण पैसे दिलेलेच नव्हते! मान्यतापत्रांची देवघेव झाल्यापासून दहा महिन्यांत पैसे द्यायचे असं करारात होतं. ती मुदत एप्रिल 1868 मध्ये उलटून गेली. प्रतिनिधीगृह तेव्हा राष्ट्राध्यक्ष अँड्र्यू जॉन्सन यांच्यावरच्या महाभियोगात गुंतलं होतं, आणि त्यांच्याच परराष्ट्रमंत्र्यानं, सीवर्डनं केलेल्या सौद्याचे पैसे मोकळे करायची कुणाला घाई नव्हती. शेवटी जुलैत 113 विरुद्ध 43 मतांनी रक्कम मंजूर झाली.

त्या 43 जणांपैकी सगळेच काही बर्फाळ जमिनीवर पैसे उधळायला विरोध म्हणून उभे नव्हते. काहींचा मुद्दा तत्त्वाचा होता. करार करणार राष्ट्राध्यक्ष, मान्य करणार सिनेट. मग आम्ही फक्त तिजोरी उघडून द्यायची का? हा वाद त्याहूनही जुना. जॉन जे यांनी ब्रिटनशी केलेल्या ‘जे करारा’च्या अंमलबजावणीसाठी लागणारा पैसा 1796 मध्ये प्रतिनिधीगृहात आला, तेव्हा सदस्यांनी वाटाघाटींची कागदपत्रं मागितली. राष्ट्राध्यक्ष वॉशिंग्टन यांनी साफ नकार दिला. पैसे मिळाले, पण 51 विरुद्ध 48 मतांनी. दोन मतं इकडची तिकडे झाली असती, तर सही-शिक्का असलेला करार कपाटात पडून राहिला असता.

अमेरिकन राज्यघटनेत याबद्दल एकच वाक्य आहे: कायद्यानं विनियोजन झाल्याशिवाय खजिन्यातून पैसा काढायचा नाही. दूतावासाच्या दारावरचा पहारेकरी असो की संयुक्त राष्ट्रांची वर्गणी, वाट याच वाक्यातून जाते.

आता गुंतागुंतीकडे येऊ. काँग्रेसनं, म्हणजे सिनेट आणि प्रतिनिधीगृह मिळून बनलेल्या अमेरिकेच्या संसदेनं, स्वतःसाठी दोन पायऱ्या करून घेतल्या आहेत. पहिली ऑथरायझेशनची: अमुक काम करायला हे खातं मोकळं आहे, त्याच्या अटी या, आणि वरची मर्यादा एवढी. ही पायरी परराष्ट्र व्यवहार समित्यांच्या हातात. दुसरी अप्रोप्रिएशनची, म्हणजे विनियोजनाची: यंदा प्रत्यक्ष पैसे इतके. ती विनियोजन समित्यांकडे. लग्नाचा विषय काढला तर पहिली पायरी म्हणजे ‘लग्न करायला हरकत नाही’ आणि दुसरी म्हणजे ‘हे घ्या खर्चाला’. पहिल्या होकारानं मांडव पडत नाही, हे सांगायला नकोच.

ही शिस्त प्रतिनिधीगृहाच्या नियमांत आहे. परराष्ट्र खातं आणि परदेशी मदत यांच्यासाठी तर 1970 च्या दशकाच्या सुरुवातीला ती कायद्यातच लिहून ठेवली: आधी ऑथरायझेशन नसेल तर मंजूर झालेला पैसाही खर्च करता येणार नाही. कागदावर याहून कडक काय असणार?

आणि मग काय झालं? परदेशी मदतीचा सर्वंकष ऑथरायझेशन कायदा शेवटचा झाला 1985 मध्ये. परराष्ट्र खात्याचा 2002 मध्ये. त्यानंतर चौदा वर्षं काहीच नाही. 2016 च्या डिसेंबरात एक कायदा झाला, तोही आखूड. दूतावास मात्र एक दिवसही बंद पडले नाहीत. कसे पडतील? दरवर्षीच्या विनियोजन कायद्यात एक कलम असतं. आपल्या कायद्याच्या मराठीत सांगायचं तर, ‘त्या तरतुदींमध्ये काहीही अंतर्भूत असले तरी’ हा पैसा खर्च करता येईल. आपल्याकडचा कुठलाही वकील हे शब्द ओळखेल. एवढ्या शब्दांनी पहिली पायरी गाळली जाते. दरवर्षी. माझ्या मते अमेरिकेच्या परराष्ट्र धोरणातलं हे सर्वांत कमी चर्चा झालेलं कलम आहे.

याचा परिणाम सरळ आहे. परराष्ट्र व्यवहार समितीची सुनावणी टीव्हीवर दिसते, तिथं मोठमोठी भाषणं होतात. अटी मात्र लिहिल्या जातात विनियोजनाच्या उपसमितीत, कारण ते विधेयक मंजूर झालं नाही तर सरकारच बंद पडतं. परराष्ट्र खात्याच्या ऑथरायझेशनवाचून कुणाचं काही अडत नाही, मग त्यासाठी सभागृहाचा वेळ कोण देणार? अलीकडे परराष्ट्र समित्यांनी एक युक्ती काढली आहे. संरक्षणाचा ऑथरायझेशन कायदा 1961 पासून दरवर्षी न चुकता होतो. त्याच्या डब्याला 2021 पासून आपला डबा जोडायचा. मुत्सद्देगिरीनं लष्कराच्या गाडीला लोंबकळत प्रवास करावा, यातला विनोद त्या समित्यांनाही कळत असावा.

अटी म्हणजे काय, ते एका उदाहरणावरून बघू. 1995 मध्ये काँग्रेसनं ठरवलं की इस्रायलमधला दूतावास तेल अवीवहून जेरुसलेमला हलवायचा. पण दूतावास कुठं असावा हे राष्ट्राध्यक्ष ठरवतात, त्यांना हुकूम कसा सोडणार? मग हात घातला इमारतींच्या खात्यात. 31 मे 1999 पर्यंत जेरुसलेममध्ये दूतावास उघडला नाही, तर परदेशातल्या इमारती घेण्यासाठी आणि सांभाळण्यासाठी असलेल्या निधीतला निम्मा अडकून राहील. जगभरातल्या इमारतींचा, बरं का. नुसत्या इस्रायलमधल्या नव्हे. सोबत एक फट ठेवली: राष्ट्रीय सुरक्षेचं कारण देऊन राष्ट्राध्यक्षांना ही अट सहा महिने पुढं ढकलता येईल. क्लिंटन, बुश, ओबामा, तिघांनीही दर सहा महिन्यांनी त्या कागदावर सही केली. खुद्द ट्रम्प यांनीही आधी केली. जेरुसलेममध्ये दूतावास उघडला 14 मे 2018 ला.

फट न ठेवता लिहिलेली अट कशी असते, ते युनेस्कोनं पाहिलं. 1990 आणि 1994 मधल्या दोन कायद्यांत म्हटलं होतं की पॅलेस्टाइनला पूर्ण सदस्यत्व देणाऱ्या संयुक्त राष्ट्रांच्या संस्थेला पैसे द्यायचे नाहीत. ऑक्टोबर 2011 मध्ये युनेस्कोनं सदस्यत्व दिलं. ओबामा सरकारला पैसे द्यायचे होते, पण सही करून पुढं ढकलायची सोयच नव्हती. संस्थेच्या अंदाजपत्रकातला सुमारे 22 टक्के वाटा थांबला, आणि 2013 मध्ये अमेरिकेनं तिथला मतदानाचा हक्क गमावला. वीस वर्षांपूर्वी लिहिलेल्या ओळींनी त्या दिवशीचं धोरण ठरवलं. मंत्र्यांच्या हातात काही उरलं नव्हतं.

रकमा लहान असल्या तरी समितीची नजर बारीक असते. ब्रुकलिनचे जॉन रूनी वीस वर्षांहून अधिक काळ परराष्ट्र खात्याचे पैसे मंजूर करणाऱ्या उपसमितीच्या अध्यक्षपदी होते. राजदूतांना पाहुण्यांच्या सरबराईसाठी जो भत्ता मिळतो, त्याला ते ‘दारूचा भत्ता’ म्हणत आणि त्यावरून अधिकाऱ्यांना सोलून काढत. हसण्यावारी नेऊ नका. सरबराई खिशातून करावी लागत असेल तर मोठ्या राजधान्यांत राजदूत म्हणून कोण परवडेल? ज्याचा खिसा खोल आहे तोच.

आणि मंजुरीनंतरही पैसा सुटत नाही. परदेशी मदतीची रक्कम ठरल्याहून वेगळ्या कामाला वळवायची, तर खात्यानं समित्यांना पंधरा दिवस आधी कळवायचं असतं. त्या काळात समितीच्या अध्यक्षानं किंवा विरोधी पक्षाच्या ज्येष्ठ सदस्यानं ‘होल्ड’ घातला की खातं सहसा थांबतं. कायद्यानं हा होल्ड बंधनकारक नाही. पण पुढल्या वर्षी त्याच टेबलासमोर हात पसरायचे आहेत, हे खात्याला पक्कं ठाऊक असतं.

इतका वेळ आपण संसद पैसे अडवते त्याबद्दल बोललो. उलटही होतं. संसदेनं दिलेले पैसे सरकार खर्चच करत नाही. निक्सन यांच्या काळात हे फार वाढलं, म्हणून 1974 मध्ये कायदा झाला: पैसे रद्द करायचे तर राष्ट्राध्यक्षांनी काँग्रेसकडे प्रस्ताव पाठवायचा, तो विचाराधीन असताना 45 दिवस रक्कम रोखता येईल, काँग्रेसनं मान्यता दिली नाही तर ती सोडायची. जुलै 2025 मध्ये याच वाटेनं सुमारे 9 अब्ज डॉलर रद्द झाले. त्यात मोठा वाटा परदेशी मदतीचा होता, पण दोन्ही सभागृहांत रीतसर मतदान झालं होतं.

ऑगस्टच्या अखेरीला आणखी 4.9 अब्ज डॉलर रद्द करण्याचा प्रस्ताव आला. आता दिवस मोजा. अमेरिकेचं आर्थिक वर्ष संपतं 30 सप्टेंबरला, आणि 45 दिवस संपणार त्यानंतर. प्रकरण कोर्टात गेलं. खालच्या कोर्टानं पैसे खर्च करा म्हटलं. 26 सप्टेंबरला सर्वोच्च न्यायालयानं सुमारे 4 अब्ज डॉलर तूर्त रोखून ठेवायला सरकारला मुभा दिली. चार दिवसांनी वर्ष संपलं, आणि त्या मंजुरीची मुदतही.